साथीच्या काळात प्रशिक्षणाचा खरंच उपयोग होतो का? बस्तीत काम करणाऱ्यांसाठी जरा लांबलेलं उत्तर

तुमचा प्रश्न दोनदा वाचला. तुम्ही इंदूरला सोशल वर्क शिकताय, प्लेसमेंट मालवा मिलच्या बाजूच्या एका बस्तीत आहे, पावसाळ्याआधी तिथल्या चाळीसेक व्हॉलंटियर्ससाठी दोन दिवसांचं आरोग्य प्रशिक्षण बसवायचं काम तुमच्या गळ्यात पडलंय. आणि तुम्हाला वाटतंय की लोकांना सगळं आधीच माहीत असतं, हात धुवा, पाणी उकळा, कूलर रिकामा करा हे शाळेपासून ऐकलेलं असतं, तरी साथ आली की दर वर्षी जे व्हायचं तेच होतं, मग हा पैसा सरळ औषधांवर आणि बेडवर का खर्च करू नये. प्रश्न चांगला आहे, आणि बहुतेक ट्रेनिंगं जशी होतात ती बघता तुमची शंका बरोबरही आहे.

माझं सांगायचं तर मी नर्सिंग ट्यूटर होते. आधी एएनएमच्या, म्हणजे गावपातळीवरच्या नर्स होणाऱ्या मुलींना शिकवलं, नंतर आशा दीदींच्या ट्रेनिंगमध्ये बरीच वर्षं काढली, इंदूर शहरातल्या बस्त्या आणि धार-झाबुआकडची गावं दोन्ही. आता रिटायर झालेय, पण हा विषय काही डोक्यातून जात नाही. त्यामुळे उत्तर लांबेल.

पहिले तर "लोकांना सगळं माहीत असतं" हे मला पटत नाही. लोकांना घोषणा माहीत असतात. हात धुवा ही घोषणा झाली. पण काविळीची साथ असताना घरात शेवटच्या तिमाहीतली गरोदर बाई असेल तर तिला हेपटायटिस ई, म्हणजे दूषित पाण्यातून होणारी कावीळ होणं किती भयंकर आहे, अशा बायकांमध्ये मृत्यूचं प्रमाण २० ते २५ टक्क्यांपर्यंत जाऊ शकतं, हे तुमच्या बस्तीत किती घरांना माहीत आहे विचारून बघा. किंवा डेंगूच्या डासाची अंडी कूलरच्या आतल्या भिंतीला चिकटून बसतात आणि पाणी सुकलं तरी कित्येक महिने जिवंत राहतात, म्हणून नुसतं पाणी ओतून देऊन चालत नाही, आतून रगडून घासावं लागतं, आणि ते आठवड्यातून एकदा, कारण अंड्यापासून डास व्हायला साधारण सात ते दहा दिवस लागतात. हे ऐकल्यावर बायका म्हणतात, "दीदी, ये तो किसी ने बताया ही नहीं, हम तो पानी फेंक के रख देते थे." म्हणजे घोषणा पोहोचली, त्यामागचं कारण नाही पोहोचलं. आणि कारण कळलं नाही की माणूस आपल्या सोयीनं अर्धंच काम करतो, त्यात त्याचा दोष नाही.

आता उपयोग होतो की नाही हे कशावर अवलंबून आहे ते आधी सांगून टाकते, कारण सरसकट हो किंवा नाही म्हणणं खोटं ठरेल. रोग कोणता आहे, जे करायला सांगतोय त्याचं सामान लोकांकडे आहे का, शिकवायला वेळ साथीच्या आधी मिळतोय की साथ सुरू झाल्यावर, आणि शिकवणारा माणूस कोण आहे. या चार गोष्टी जुळल्या तर प्रशिक्षणासारखं स्वस्त आणि टिकाऊ औषध नाही. नाही जुळल्या तर हजेरीपत्रक, समोसे आणि ग्रुप फोटो.

सामानाचं पटकन सांगते कारण ते सोपं आहे आणि तरीही सगळे तिथेच चुकतात. नळाच्या लाइनीत कुठे ड्रेनेजचं पाणी मिसळत असेल तर त्या बस्तीला तुम्ही हात धुवायचे टप्पे शिकवत बसू नका. तिथे पहिलं काम निगमच्या (महापालिकेच्या) माणसाला आणून लीकेज दाखवायचं, पाण्याचं सॅम्पल द्यायचं, टँकर मागवायचा, क्लोरीनच्या गोळ्या मिळवायच्या. शिकवून पाणी शुद्ध होत नाही. फार तर लोकांना हे शिकवा की पाण्याला वास किंवा रंग आला की तक्रार कुठे करायची, नंबर कसा नोंदवून घ्यायचा, आणि एकाच गल्लीत दोन दिवसांत तीन-चार घरी उलट्या-जुलाब झाले की थांबायचं नाही, आशा दीदीला लगेच कळवायचं. हेही प्रशिक्षणच आहे, आणि माझ्या मते बस्तीसाठी सगळ्यात महत्त्वाचं, कारण साथ सगळ्यात आधी गल्लीला कळते, ऑफिसला नंतर.

आपल्या इंदूरचंच बघा ना. स्वच्छ सर्वेक्षणात २०१६ मध्ये शहर पंचविसावं होतं, २०१७ मध्ये पहिलं आलं, आणि मग वर्षानुवर्षं पहिलंच राहिलं. लोक म्हणतात जागृती झाली. जागृती झालीच, घरोघरी जाऊन ओला-सुका समजावणारी माणसं होती, पण त्याच्यासोबत रोज सकाळी गाडी दारात यायला लागली आणि गाडीवरचा माणूस मिसळलेला कचरा परत करायला लागला. शिकवण आणि सोय एकाच वेळी दारात आली म्हणून सवय लागली. गाडी आठवड्यातून एकदा आली असती तर कितीही पत्रकं वाटली असती तरी कचरा कोपऱ्यावरच गेला असता. तुमच्या ट्रेनिंगमधल्या प्रत्येक मुद्द्याला हा प्रश्न लावून बघा की जे सांगतोय ते करायचं सामान उद्या सकाळी या बाईच्या घरात आहे का. नसेल तर आधी सामान, नाहीतर तो मुद्दा काढून टाका.

आता मुख्य गोष्टीवर येते. माझं मत असं झालंय की प्रशिक्षण कानानं होत नाही, हातानं होतं, आणि ते झालं की नाही हे हॉलमध्ये कळत नाही, पंधरा दिवसांनी त्या माणसाच्या घरी कळतं. बाकी मी जे काही लिहीन ते याच्याच भोवती आहे.

ओआरएसचं उदाहरण घ्या, यापेक्षा साधी गोष्ट आरोग्यात दुसरी नाही. हॉलमध्ये विचारलं की जुलाब झाल्यावर काय द्यायचं तर सगळ्या एका सुरात सांगतात, ओआरएस. छान. आता एक लिटरचं पाकीट हातात द्या आणि म्हणा, बनवून दाखवा. एक जण स्टीलच्या ग्लासात पाव पाकीट टाकते आणि उरलेलं घडी करून ठेवून देते. दुसरी अख्खं पाकीट एका ग्लासात. तिसरी विचारते लिटर म्हणजे किती, कारण घरात लिटरचं माप कुणाकडेच नसतं, दूधसुद्धा पिशवीतून येतं. एका ग्लासात अख्खं पाकीट म्हणजे त्यात मीठ इतकं जास्त होतं की लेकराला फायद्याऐवजी नुकसान होऊ शकतं. म्हणजे ज्या बाईला लेखी परीक्षेत पैकीच्या पैकी मिळाले असते तीच बाई घरी जाऊन पोराला चुकीचं पाणी पाजणार होती.

म्हणून आम्ही काय करायचो, तर पाण्याची एक लिटरची रिकामी बाटली प्रत्येकीला घरून आणायला सांगायचो, तिच्यातच अख्खं पाकीट ओतायचं, स्वतः हलवायचं, स्वतः चाखून बघायचं, अश्रूंपेक्षा खारट लागलं तर चुकलं. मग शेजारणीला बनवायला शिकवायचं, आणि शेजारीण चुकली की ट्रेनरनं मध्ये बोलायचं नाही, शिकवणारीनंच दुरुस्त करायचं. त्यातच बाकीचं येऊन जातं, चोवीस तासांनी उरलेलं फेकायचं, दोन वर्षांच्या आतल्या बाळाला प्रत्येक पातळ शौचानंतर पाव ते अर्धा कप, चमच्या-चमच्यानं, उलटी झाली तर दहा मिनिटं थांबून पुन्हा सावकाश, आणि झिंकची गोळी पूर्ण चौदा दिवस, जुलाब तिसऱ्या दिवशी थांबले तरी. आणि हे सगळं कधी पुरेसं नाही तेही शिकवायचं, डोळे खोल गेले, पोटाची कातडी चिमटीत धरून सोडल्यावर सावकाश मागे गेली, मूल सुस्त पडलंय, पीत नाही, शौचात रक्त आहे, तर बाटली सोबत घेऊन सरळ दवाखाना, वाट बघायची नाही.

एक बाजूची गोष्ट सांगते. मेडिकलवर ओआरएस मागितलं की कितीतरी वर्षं गोड टेट्रापॅक हातात पडायचे, नावात ओआरएस असायचं आणि आत साखरेचं सरबत. २०२५ च्या ऑक्टोबरमध्ये एफएसएसएआयनं, म्हणजे देशाच्या अन्नसुरक्षा प्राधिकरणानं, अशा पेयांच्या नावात ओआरएस हा शब्द वापरायला मनाई केली. तरीसुद्धा तुमच्या ट्रेनिंगमध्ये खरं पाकीट आणि असा एखादा पॅक शेजारी ठेवून दाखवाच, पाकिटावरचा डब्ल्यूएचओ फॉर्म्युला कुठे लिहिलेला असतो तिथे बोट ठेवून दाखवा, वाचता न येणाऱ्या बाईलासुद्धा त्या जागेची ओळख होते.

हे मी माझ्या मनानं सांगत नाहीये, याच्यामागे मोठा इतिहास आहे आणि तो आपल्या शेजारचाच आहे. १९७१ मध्ये बांगलादेशातून लाखो निर्वासित पश्चिम बंगालमध्ये आले, बनगावच्या छावणीत कॉलरा पसरला आणि सलाइनच्या बाटल्या संपल्या. तेव्हा डॉ. दिलीप महालनबीस यांनी मीठ-ग्लुकोज-सोडा यांचं मिश्रण पाण्यात कालवून ड्रम भरून ठेवले आणि पाजायचं काम नातेवाइकांना शिकवलं. मृत्यूचं प्रमाण ३० टक्क्यांच्या आसपास होतं ते ४ टक्क्यांच्या खाली आलं. औषध नवीन नव्हतं, ते तोंडानं देता येतं हे डॉक्टरांना प्रयोगातून माहीत होतं, नवीन हे होतं की ज्यांना लिहिता-वाचता येत नाही अशा आया-बापांच्या हातात ते दिलं.

आणि मग १९८० पासून दहा वर्षं बांगलादेशातल्या ब्रॅक संस्थेनं जे केलं ते प्रत्येक ट्रेनरनं नीट समजून घेतलं पाहिजे. त्यांच्या कार्यकर्त्या बायका घरोघरी गेल्या, एक कोटी वीस लाखांच्या वर घरं झाली, आणि प्रत्येक घरात आईला तिच्याच भांड्यात, तिच्याच चुलीपाशी मीठ-गुळाचं पाणी करायला शिकवलं. तीन बोटांची चिमूट मीठ, मूठभर गूळ, अर्धा शेर पाणी. पाकिटाची वाट बघायची गरजच नाही. पण खरी गंमत पगारात होती. महिन्याभरानं दुसराच माणूस त्यातल्या काही घरांत न सांगता जायचा, आईला विचारायचा, बनवायला लावायचा, आणि तिला किती जमलं त्याच्यावर शिकवणारीचा पगार ठरायचा. किती घरांत गेली त्याच्यावर नाही. विचार करा, आपल्याकडे ट्रेनरचे पैसे अशा पद्धतीनं ठरवले तर आपली किती ट्रेनिंगं एका महिन्यात बदलतील.

त्यातही एक गोष्ट अशी घडली जी मला सगळ्यात शिकवून जाते. सुरुवातीला त्यांना दिसलं की आयांना कृती पाठ आहे, विचारलं तर घडाघडा सांगतात, पण पोर आजारी पडलं की वापरत नाहीत. शोध घेतला तर कळलं की शिकवणाऱ्या लोकांचाच त्या पाण्यावर पुरता भरवसा नव्हता, आणि घरातल्या पुरुषांना कुणी काही सांगितलंच नव्हतं, म्हणून आई पाणी पाजायला लागली की नवरा म्हणणार हे काय, डॉक्टरकडून सलाइनची बाटली लावून आण. मग त्यांनी आधी आपल्या कार्यकर्त्यांना लॅबमध्ये नेऊन समजावलं, पुरुषांच्या सभा घेतल्या, मशिदीत, बाजारात. तेव्हा वापर वाढला. आपल्या बस्त्यांतसुद्धा हेच आहे, आज्जी म्हणते पाणी दिलं तर जुलाब वाढतील, पाणी बंद करा. तिला बाजूला ठेवून फक्त सुनेला शिकवलं तर सून हरणारच. आज्जीला ट्रेनिंगला बोलवा, पहिल्या रांगेत बसवा, बाटली तिच्या हातात द्या.

इथपर्यंतचं थोडक्यात म्हणजे सामान आधी, मग कारण समजावणं, मग हातानं करून घेणं, मग घरी जाऊन बघणं, आणि घरात ज्याचा शब्द चालतो त्याला सोबत घेणं.

आता वेळेचं. साथ सुरू झाल्यावर माणूस नवीन काही शिकत नाही, भीतीत जे हाताला वळण आधीपासून आहे तेच होतं. केरळात २०१८ च्या मे महिन्यात निपाह विषाणूची साथ आली, १७ लोक गेले, पेरांब्राच्या तालुका हॉस्पिटलमधली नर्स लिनी पुतुसेरी रुग्णाची सेवा करताना गेली. बहुतेक लोकांना लागण हॉस्पिटलांमध्येच झाली होती. त्याच केरळात पुढच्या वर्षी जूनमध्ये एर्नाकुलमला पुन्हा एक रुग्ण सापडला, तो बरा झाला आणि त्याच्यापासून दुसऱ्या कुणालाही लागण झाली नाही. विषाणू तोच, इलाज तेव्हाही नव्हता. पण मधल्या वर्षात आयसोलेशन कसं करायचं, संपर्कातली माणसं कशी शोधायची, लक्षण दिसल्यावर कुणी कुणाला फोन करायचा हे ठरलेलं होतं आणि घोटलेलं होतं. प्रत्येक साथ वेगळी असते, एका रुग्णाच्या बाबतीत नशिबाचाही भाग असतो, तरी तयारीचा फरक मला त्यात स्पष्ट दिसतो.

नायजेरियाचं तर अजूनच. २०१४ च्या जुलैमध्ये इबोला लागोससारख्या प्रचंड शहरात विमानानं पोहोचला, सगळ्यांना वाटलं आता हाहाकार. पण एकूण २० रुग्ण, ८ मृत्यू, आणि ऑक्टोबरमध्ये देश इबोलामुक्त जाहीर. कारण त्यांच्याकडे पोलिओसाठी उभी केलेली यंत्रणा होती, घरोघर जायची सवय असलेली, नकाशे-रजिस्टर सांभाळणारी शिकलेली माणसं होती, ती सगळी रातोरात इबोलाच्या कामाला लागली, जवळपास नऊशे संपर्कातल्या लोकांकडे सुमारे साडेअठरा हजार भेटी दिल्या. पहिल्या रुग्णाला हॉस्पिटलमधून जाऊ न देणाऱ्या डॉक्टर अमेयो अदादेवो मात्र त्यात गेल्या. म्हणजे पोलिओचं शिक्षण इबोलाला कामी आलं. म्हणून मी सांगते, तुमच्या बस्तीतल्या मुलींना घराची यादी करणं, रजिस्टर भरणं, रोज तोच प्रश्न न कंटाळता विचारणं एवढं जरी पक्कं आलं तरी उद्या डेंगू येवो की दुसरं काही, ते वाया जात नाही.

पीपीई किटबद्दल पण दोन शब्द, तुमच्या व्हॉलंटियर्सना कदाचित लागणार नाही पण एखादी आशा दीदी असेल तर नक्की. करोनात व्हिडिओ दाखवून खूप ट्रेनिंगं झाली, नाइलाज होता, पण किट घालणं व्हिडिओनं येतं, काढणं येत नाही, आणि लागणीचा धोका काढतानाच जास्त असतो. आम्ही ग्लोव्हजवर तेलात कालवलेलं कुंकू लावायचो आणि म्हणायचो आता सगळं काढा. काढून झालं की बघायचं कुंकू कुठे कुठे लागलंय, मनगटावर, कानामागे, गळ्यावर. स्वतःच्या गळ्यावरचा तो लाल डाग बघितलेली मुलगी परत घाई करत नाही. साध्या ग्लोव्हजवरसुद्धा हा प्रयोग करता येतो, खर्च काही नाही.

आता विश्वासाचं, आणि इथे मला जरा थांबायचंय. आपण मराठी माणसं, आपल्याला हे दुसऱ्याकडून शिकायची गरज नाही. १८९७ मध्ये पुण्यात प्लेग आला, प्लेग कमिशनर रँडनं सोल्जर घरात घुसवले, देवघरापर्यंत झडत्या, माणसं उचलून नेणं. प्लेग आटोक्यात आणायची गरज खरी होती, पण लोकांनी रोगी लपवले, दूर खेड्यांत पळाले, आणि जूनमध्ये चाफेकर बंधूंनी रँडला गोळी घातली. त्याच प्लेगमध्ये सावित्रीबाई फुले आपल्या डॉक्टर मुलाच्या, यशवंतच्या दवाखान्यात रोग्यांची सेवा करत होत्या, मुंढव्याच्या एका आजारी मुलाला पाठीवर घेऊन आल्या आणि त्यातच १० मार्चला गेल्या. एकाच शहरातली, एकाच साथीतली ही दोन चित्रं. आयुष्यभर ज्या बाईनं त्या लोकांच्या पोरांना शिकवलं तिच्याकडे लोक आपलं आजारी पोर सोपवत होते, आणि बंदूकवाल्यापासून लपवत होते.

आणि आपलं इंदूर. १ एप्रिल २०२० ला टाटपट्टी बाखल या मोहल्ल्यात करोनाच्या स्क्रीनिंगला गेलेल्या आरोग्याच्या टीमवर दगडफेक झाली, दोन डॉक्टर बायकांना कसंबसं बाहेर काढलं. जे झालं ते वाईटच, त्याचं समर्थन मी करत नाही. त्या दोघी नंतर पुन्हा कामावर गेल्या, याचं मला फार कौतुक आहे. पण त्या वेळी व्हॉट्सअ‍ॅपवर काय काय फिरत होतं आठवा, आणि मग किट घातलेली, चेहरा न दिसणारी, अनोळखी माणसं एकदम गल्लीत शिरतात आणि कुणाला तरी घेऊन जाणार असं लोकांना वाटतं. जिथे त्याच गल्लीतली आशा दीदी किंवा आंगनवाडीची बाई पुढे होती, आधी एक दिवस जाऊन सांगून आली होती की उद्या कोण येणार, काय विचारणार, कुणाला नेलं तर कुठे ठेवणार, जेवण काय, फोन करता येईल का, तिथे दारं उघडली. हे मी माझ्या डोळ्यांनी बघितलंय, एकाच वॉर्डात दोन गल्ल्यांमध्ये जमीन-आसमानाचा फरक.

यातून ट्रेनिंगसाठी एक गोष्ट निघते की प्रशिक्षण दोन्ही बाजूंचं हवं. लोकांना शिकवायचं तसं टीमनंसुद्धा लोकांकडून शिकायचं, त्यांना भीती कशाची वाटतेय ते. तुमच्या दोन दिवसांतला एक अख्खा तास फक्त ऐकण्यासाठी ठेवा. मागच्या पावसाळ्यात काय झालं, कोण आजारी पडलं, पहिल्यांदा कुणाकडे गेलात, झोलाछाप, म्हणजे डिग्री नसलेल्या डॉक्टरकडे गेलात तर का गेलात, पैसे किती लागले, एमवायला, आपल्या मोठ्या सरकारी हॉस्पिटलला, का नाही गेलात. मध्ये टोकू नका, लिहून घ्या. त्या तासात जे कळेल त्यावर तुमचा दुसरा दिवस बदलावा लागेल, आणि बदलायला लागला तर चांगलंच आहे.

शिक्षण आणि प्रशिक्षण यांत मी फरक करते हेही सांगून टाकते कारण तुम्ही दोन्ही शब्द एकत्र लिहिलेत. प्रशिक्षण म्हणजे एक काम नीट करता येणं. शिक्षण म्हणजे ते काम का करायचं हे विचारायची हिंमत येणं, डॉक्टरला प्रश्न विचारता येणं, आलेला मेसेज खरा की खोटा ताडून बघणं. हे दोन दिवसांत होत नाही, याला शाळा लागते, आणि मुलींची शाळा जास्त लागते. पण शिक्षण कमी असलं म्हणून प्रशिक्षण होत नाही असंही नाही. गडचिरोलीत डॉ. अभय आणि राणी बंग यांनी गावातल्या थोडंफार शिकलेल्या बायकांना नवजात बाळाची घरीच काळजी घ्यायला शिकवलं, न्यूमोनिया आणि सेप्सिस (अंगभर पसरलेला जंतुसंसर्ग) ओळखायला, इंजेक्शन द्यायलासुद्धा, तेव्हा कितीतरी डॉक्टरांना ते अशक्य वाटत होतं. १९९९ मध्ये लॅन्सेट या वैद्यकीय नियतकालिकात निष्कर्ष आले, नवजात बाळांचे मृत्यू ६२ टक्क्यांनी कमी झाले होते. पुढे २०११ पासून देशभर आशा दीदी घरोघर जाऊन बाळ तपासतात ते याच कामावर उभं आहे. पण तिथे ते दोन दिवसांत नाही झालं. टप्प्याटप्प्यानं, महिनोन्महिने, एक गोष्ट शिकवायची, गावात जाऊन करायची, परत यायचं, मग पुढची. आणि वरून सुपरव्हायझर नियमित येऊन बघायचा.

म्हणून तुमच्या दोन दिवसांबद्दल माझा सरळ सल्ला असा. दोन दिवस सलग घेऊ नका. फंड देणाऱ्यांशी बोला, एक दिवस आता आणि दुसरा दिवस तीन आठवड्यांनी ठेवा, मधल्या काळात प्रत्येकीनं आपल्या गल्लीतली दहा घरं करायची. चाळीस जण एकत्र बसवू नका, वीस-वीसच्या दोन बॅच करा, चाळीस जणांत कुणाच्याच हातात बाटली येत नाही. विषय तीनच घ्या, जुलाब आणि ओआरएस, पाण्याची टाकी आणि क्लोरीन, कूलर-टायर-डास. टीबी, बीपी, शुगर, कुपोषण सगळं एकाच दिवसात कोंबायचा मोह होतो, वरूनही सांगतात हे पण घ्या ते पण घ्या, ठाम नाही म्हणा. क्लोरीन शिकवताना गोळी किती लिटरसाठी आहे ते पाकिटावर वाचून, तेवढंच पाणी मोजून, अर्धा तास घड्याळ लावून थांबा, तो अर्धा तास सगळ्यांसोबत प्रत्यक्ष काढा कारण घरी लोक दोन मिनिटांत ग्लास भरतात. जमलं तर क्लोरोस्कोप, म्हणजे पाण्यातलं क्लोरीन तपासायचं किट मागवून नळाच्या शेवटच्या टोकाला लिटरमागे ०.२ मिलिग्रॅम क्लोरीन येतंय का ते त्यांच्याकडूनच तपासून घ्या, क्लोरीन असलं की पाणी पिवळं होतं, ते पिवळं झालं नाही हे बघितल्यावर त्या मुली स्वतः निगमच्या इंजिनिअरला फोन करतील.

भाषेचं बघा. आपण मराठी, हॉलमध्ये हिंदी, आणि बस्तीत आलेली बरीच कुटुंबं झाबुआ-अलीराजपुर-खरगोनकडची, घरात भिली किंवा निमाडी बोलणारी. त्यांच्यातल्याच एका मुलीला ट्रेनर करा, तुमच्यापेक्षा अर्धं सांगेल पण दुप्पट पोहोचेल.

आणि पैशाचं, जो तुमचा मूळ प्रश्न होता. औषधं आणि बेड लागतातच, माझ्यासारखी नर्स त्याच्याविरुद्ध कशी बोलेल. पण तुमच्या हातात जेवढं बजेट आहे त्यात एक बेडसुद्धा वर्षभर चालणार नाही, आणि तेवढ्याच पैशांत चार गल्ल्यांत अशा बायका तयार होतील ज्या पोराला बेडपर्यंत जाऊच देणार नाहीत, किंवा जायची वेळ आली तर वेळेत पोहोचवतील. फक्त बजेटची विभागणी बदला. आता ते बहुधा हॉल, बॅनर, जेवण आणि बॅगवर असेल. बॅनर-बॅग काढा, आंगनवाडीतच बसा. जेवण ठेवा, बायका दिवसाची मजुरी बुडवून येतात, जमलं तर त्या मजुरीचे पैसेही द्या, फुकटच्या सेवेवर चाललेलं काम पावसाळा संपेपर्यंत टिकत नाही. आणि निदान एक तृतीयांश पैसा नंतरच्या घरभेटींसाठी बाजूला काढून ठेवा, त्याला हात लावू देऊ नका. भेटीला जाणारा माणूस शिकवणाऱ्यापेक्षा वेगळा असू द्या, त्यानं न सांगता जावं, लिटरची बाटली मागावी आणि म्हणावं, दीदी, बनाके दिखाओ. किती घरांत बरोबर बनलं तो आकडा रिपोर्टच्या पहिल्या पानावर लिहा, हजेरीचा आकडा मागे.

प्लॅन तयार झाला की इथेच टाका, मी बघून सांगेन. त्याआधी एक माहिती काढून ठेवा, तुमच्या बस्तीत पाणी किती वाजता येतं, किती वेळ येतं आणि व्हॉल्व कोण उघडतं. त्या माणसाला पहिल्या बॅचमध्ये घ्यायलाच हवं.